दहा चौरस फुटांचे मालक

फ्लॅट घेतल्याचं कळलं की लोक तीन प्रश्न विचारतात. कुठे घेतला, किती स्क्वेअर फूट आहे आणि हप्ता किती बसतो. पहिल्या प्रश्नाला पुण्याचा माणूस धायरीला सिंहगड रोड म्हणतो आणि वाघोलीला नगर रोड. विचारणाराही अशाच कुठल्या तरी रोडवर राहत असतो, त्यामुळे ते खपून जातं. दुसऱ्या प्रश्नाला कार्पेट सांगायचा की बिल्टअप, हे समोरच्याचा फ्लॅट केवढा आहे त्यावर ठरतं. तिसऱ्याचं उत्तर मात्र सगळे खरं देतात, आणि जरा छाती काढूनच देतात. त्रेचाळीस हजारांचा हप्ता म्हणजे पगार त्याच्या बराच वर असणार, हे आपल्या तोंडाने न सांगता सांगून होतं. ‘सगळे मिळून किती देणार?’ हा चौथा प्रश्न कुणी विचारत नाही. बाईचं वय, पुरुषाचा पगार आणि कर्जाचं एकूण व्याज या गोष्टी सभ्य माणसं काढत नाहीत.

माझे सासरे सभ्य आहेत, पण ते तलाठी होते.

नोकरी वाई तालुक्यात सात-बारा लिहिण्यात गेल्यामुळे कुठलीही मालमत्ता ते ‘इतर हक्क’ या रकान्यापासून वाचायला घेतात. मालक कोण, क्षेत्र किती, हे त्यांच्या लेखी किरकोळ. २०२४ च्या सुरुवातीला आम्ही धायरीत, म्हणजे सिंहगड रोडला, फ्लॅट घेतला आणि पेढे घेऊन त्यांच्याकडे गेलो. पेढा उचलता उचलता त्यांनी विचारलं,

“बोजा केवढ्याचा चढलाय?”

“पन्नास लाखांचा.”

“व्याज?”

“साडेआठ टक्के. वीस वर्षं.”

“जावईबापू, टक्के सगळेच सांगतात. रुपये सांगा.”

मी पंख्याकडे बघितलं. बायको शाळेत गणित शिकवते. आठवीच्या पुस्तकात चक्रवाढ व्याज आहे आणि ते ती दर वर्षी नव्या उत्साहाने शिकवते. ती स्वयंपाकघरातूनच म्हणाली, “चोपन्न लाख चौदा हजार, बाबा. मुद्दल वेगळं.”

सासऱ्यांनी पेढा परत खोक्यात ठेवला. डॉक्टरांना इतकी वर्षं जे जमलं नव्हतं, ते एका आकड्याने केलं.

आता हा आकडा काही बँकेने तिजोरीत लपवलेला नव्हता. फक्त तो कुणी आपणहून पुढे करत नाही. आमचं प्रकरण करणारा बँकेतला मुलगा अतिशय गोड होता. शिंपी कंबरेला टेप लावून विचारतो तशा आपुलकीने त्याने विचारलं, “सर, मंथली किती कम्फर्टेबल आहे?” पन्नास लाख, वीस वर्षं, साडेआठ टक्के म्हटल्यावर लॅपटॉपवर ४३,३९१ उमटले. माझा चेहरा कम्फर्टेबल दिसला नसावा. त्याने लगेच वीसचे तीस केले. ३८,४४६.

“बघा सर, महिन्याला चार हजार नऊशे पंचेचाळीस वाचले. म्हणजे दिवसाला एकशे पासष्ट. आजकाल एक पिझ्झा येत नाही एवढ्यात.”

या पिझ्झाने मी जवळजवळ विरघळलो होतो. बायको म्हणाली, “टोटल दाखवा.”

“मॅडम, टोटल कोणी बघत नाही.”

हे त्या मुलाचं त्या दिवशीचं सर्वांत प्रामाणिक वाक्य. मग त्याने पडदा बराच उजवीकडे सरकवला. तिकडे कोपऱ्यात, चहाच्या टपरीमागे पाण्याचा ड्रम असतो तिथे, एकूण व्याजाचा रकाना होता. वीस वर्षांचं व्याज ५४ लाख १४ हजार. तीस वर्षांचं ८८ लाख ४० हजार.

“म्हणजे रोजचा पिझ्झा वाचवायचा,” बायको म्हणाली, “आणि त्याचे चौतीस लाख द्यायचे.”

“पण मॅडम, तीस वर्षांत!” मुलगा म्हणाला. त्याचं वय पंचविशीचं होतं. तीस वर्षं त्याला पंचांगाबाहेरची वाटणं साहजिक होतं.

हे असं का होतं ते बायकोने मला परतीच्या वाटेवर, सिग्नलला थांबल्या थांबल्या समजावलं. पन्नास लाखांवरचं पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७ रुपये. कर्ज वीस वर्षांचं घ्या नाही तर तीस वर्षांचं, हे व्याज तेवढंच. बँक आधी ते कापून घेते आणि उरेल ते मुद्दलाला लावते. ४३,३९१ च्या हप्त्यात मुद्दलाला ७,९७४ उरतात. ३८,४४६ च्या हप्त्यात उरतात ३,०२९. हप्ता पाच हजारांनी उतरला, पण ते पाच हजार सगळेच्या सगळे मुद्दलाच्या ताटातून गेले. व्याजाच्या ताटातली शितं कुणी हलवली नाहीत. आणि मुद्दल हललं नाही की पुढच्या महिन्याचं व्याज पुन्हा जवळपास तेवढंच. उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली असती तर हप्ता ४९,२३७ बसला असता आणि एकूण व्याज ३८ लाख ६३ हजारांवर आलं असतं. महिन्याला पाच हजार आठशे जादा, आणि शेवटी साडेपंधरा लाख कमी. ते आम्हाला झेपण्यासारखं नव्हतं. मुलीच्या शाळेची फी तिमाहीला येते आणि तिला मुदतवाढ नसते. तेव्हा वीस वर्षं.

निघताना त्या मुलाने आणखी एक कागद पुढे सरकवला. कर्जाचा विमा. एक लाख वीस हजार, एकरकमी. “टेन्शन नको सर, हे पण लोनमध्येच ॲड करून टाकतो. हातातून काही जात नाही.” हातातून काही जात नाही या चार शब्दांवर आपल्या देशाची अर्धी बँकिंग व्यवस्था उभी आहे. ते एक लाख वीस हजार वीस वर्षं कर्जात राहिले की अडीच लाख होतात. वर मुलगा म्हणे हे कंपल्सरी आहे. कर्जदाराने आयुर्विमा काढावा हे शहाणपण आहे, पण तो बँकेनेच सुचवलेला आणि कर्जातच मिसळलेला असावा असा कुठलाही कायदा नाही. बायकोने त्याला “हे लेखी द्याल का?” असं विचारलं आणि कंपल्सरी कागद आपोआप ड्रॉवरमध्ये गेला. माझा साधा टर्म इन्शुरन्स आधीचाच होता. मी मेल्यावर बँकेचं काय होईल ही चिंता त्यातून मिटत होती.

मंजुरीबरोबर परतफेडीचा तक्ता मिळाला. दोनशे चाळीस ओळी. बायकोने तो कोपऱ्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडून मोठा करून आणला आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटवला. बाहेरून कालनिर्णय, आतून हा. कालनिर्णयात निदान सण तरी असतात. या तक्त्यात एकच सण, तो जानेवारी २०३६ मध्ये. त्या महिन्याचा हप्ता हा एकशे त्रेचाळिसावा, आणि त्यात पहिल्यांदाच मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागापेक्षा मोठा होतो. साठ रुपयांनी. त्याच्याआधी जवळजवळ एक तप आपण मुख्यतः व्याजच भरत असतो. निम्मं कर्ज, म्हणजे पंचवीस लाख, फिटतं ते डिसेंबर २०३७ मध्ये. वीसपैकी चौदा वर्षं अर्ध्या कर्जाला, आणि उरलेली सहा उरलेल्या अर्ध्याला. शाळेत आम्हाला निम्म्या कामाला निम्मा वेळ असं शिकवलं होतं. ते मजुरांचं गणित होतं, बँकेचं नव्हे.

या तक्त्यावरून घराची वाटणी करायची कल्पना बायकोची. फ्लॅट साडेसहाशे चौरस फूट, कार्पेट. किंमत साडेबासष्ट लाख. म्हणजे चौरस फुटाला ९,६१५ रुपये. साडेबारा लाख आम्ही पदरचे घातले, तेव्हा एकशे तीस चौरस फूट पहिल्या दिवसापासून आमचे. त्यात स्वयंपाकघर आणि ड्राय बाल्कनी आली. स्वयंपाकघरच का, असं मी विचारल्यावर तिने “त्यातले तीन लाख बाबांचे आहेत” असं सांगितलं आणि सीमांकनाचं काम पुढे चालू ठेवलं. उरलेले पाचशे वीस फूट बँकेचे. ते वर्षावर्षाने सोडवायचे.

पहिल्या वर्षी आम्ही बारा हप्त्यांत ५ लाख २० हजार भरले. मी मनात म्हटलं, निदान लहान बेडरूम तरी सुटली असेल. तक्त्यात बघितलं तर मुद्दल फिटलं होतं साडेनव्याण्णव हजार. चौरस फुटांत, दहा. मुख्य दरवाज्यापासून चपलांच्या स्टँडपर्यंत. तेवढी जागा आता निर्वेध आमची आहे. पाहुणे आले की मी त्यांना तिथे जरा वेळ उभं करतो. पुढे हॉलमध्ये ते ज्या सोफ्यावर बसतात तो आमचा, पण सोफ्याखालची फरशी बँकेची. बेडरूममध्ये पलंग आमचा, छत बँकेचं. रात्री बाथरूमला उठलो तर बँकेच्या हद्दीतून जाऊन परत यावं लागतं.

आमचे आमचे म्हणतोय, पण कागदोपत्री तेही खरं नाही. महाराष्ट्रात एकट्या बाईच्या नावावर घर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्क्याची सवलत मिळते. ही माहिती सासऱ्यांनी मला अत्यंत निरपेक्ष वृत्तीने दिली होती. पुण्यात सात टक्क्यांचे सहा होतात, साडेबासष्ट लाखांवर साडेबासष्ट हजार वाचतात. आकडा चांगला होता. घर बायकोच्या नावावर झालं. पण शिक्षिकेच्या एकटीच्या पगारावर बँक पन्नास लाख देईना, म्हणून कर्जाला मी सहकर्जदार. तेव्हा कायदेशीर परिस्थिती अशी की घर तिचं आणि कर्ज दोघांचं.

ऑफिसातले एक सहकारी हे ऐकून हळहळले. ते स्वतः कर्ज लवकर फेडायच्या विरुद्ध आहेत. “टॅक्स वाचतो रे!” हा त्यांचा युक्तिवाद. सहकर्जदार असला तरी मालकीत नाव नसेल तर व्याजाची वजावट मिळत नाही, त्यामुळे मला काहीच वाचत नाही, याचं त्यांना वाईट वाटलं. पण ज्याला वाचतो त्याला तरी किती वाचतो? जुनी करपद्धत निवडली असेल तर राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त दोन लाखांची वजावट. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे सेस धरून ४१,६०० रुपये वाचतात. आमच्या कर्जाचं पहिल्या वर्षाचं व्याज सव्वाचार लाखांना जरासं कमी. सव्वाचार लाख बँकेला देऊन बेचाळीस हजार सरकारकडून वाचवले म्हणून पेढे वाटणारी माणसं मला माहीत आहेत. नव्या करपद्धतीत तर तेवढंही नाही, आणि हल्ली न सांगता आपण नव्याच पद्धतीत असतो. कर वाचतो म्हणून कर्ज ठेवायचं, हा सल्ला मला आजवर मिळालेल्या सल्ल्यांत सगळ्यात महाग आहे.

वास्तुशांतीला सासरे आले ते कायद्याची तयारी करून. सत्यनारायणाची कथा संपायच्या आत त्यांनी तळमजल्यावरच्या वकीलसाहेबांना गाठलं.

“मुद्दल पन्नास आणि व्याज चोपन्न. हे दामदुपटीच्या वर जातंय. मुद्दलापेक्षा व्याज जास्त घेता येत नाही, हा आपला जुना नियम आहे. सुप्याला काय झालं ठाऊक आहे ना?”

सुप्याला १२ मे १८७५ रोजी शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर जाऊन कर्जरोखे नि वह्या जाळल्या, आणि त्या दंग्यांचा परिणाम म्हणून १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर, नगर या चार जिल्ह्यांसाठी. सासऱ्यांना हे सनावळीसकट पाठ आहे आणि सातारा जिल्ह्याचा उल्लेख ते दोनदा करतात.

वकीलसाहेबांनी शिऱ्याचा द्रोण खाली ठेवला. “काका, दामदुपट एका वेळी जे व्याज थकलंय त्याला. थकलेलं व्याज मुद्दलाच्या वर मागता येत नाही. तुमचे जावई थकवतच नाहीत. महिन्याच्या महिन्याला भरतात. असं भरत भरत मुद्दलाच्या तिप्पट गेलं तरी दामदुपट मधे पडत नाही. शिवाय तो नियम सावकारासाठी. बँकेला तो दाखवून उपयोग नाही.”

“म्हणजे थकवलं असतं तर नियम लागला असता?”

“थकवलं तर सरफेसी लागतो. २००२ चा. नव्वद दिवस थकलं की खातं बुडीत धरतात, मग साठ दिवसांची नोटीस, आणि दिवाणी दावा न लावताच घराचा ताबा.”

सासरे बराच वेळ काही बोलले नाहीत. मग खिडकीबाहेर बघत म्हणाले, “आणि वही जाळायची म्हटली तर हल्ली वही असते कुठे?”

याच वास्तुशांतीला माझे साडू आले होते. साडू या नात्यात जावयाने जावयाशी तुलना करणं हे मुळातच असतं, पण आमच्या साडूंनी ते व्याजाच्या दरापर्यंत नेलेलं. त्यांनी २०२१ च्या सुरुवातीला, दर तळाला असताना, पन्नास लाखांचंच कर्ज ६.७० टक्क्यांनी घेतलं होतं. हप्ता ३७,८७०. पुढचं वर्षभर ते कुठल्याही विषयावरून ६.७० वर येत. क्रिकेटवरूनही येत.

मग मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने रेपो दर वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत चारचा साडेसहा केला. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेक ठिकाणी रेपोलाच. तो वर गेला की हेही वर जातं. साडूंचं कर्ज ९.२० टक्क्यांवर पोचलं. गंमत म्हणजे हप्ता बदलला नाही. ३७,८७० म्हणजे ३७,८७०. साडू खूश. दर वाढले म्हणतात, आपल्याला कुठे जाणवले? एका रविवारी त्यांनी ॲपमध्ये सहज ‘उरलेले हप्ते’ बघितले. ४६७.

साडूंचं वय तेव्हा बेचाळीस होतं. ४६७ महिने म्हणजे एकोणचाळीस वर्षं. एक्क्याऐंशी पूर्ण होताना कर्ज फिटणार, तेही प्रकृतीने साथ दिली तर. अठ्ठेचाळीस लाखांवर ९.२० ने महिन्याचं व्याज होतं ३६,८००. हप्त्यातले जेमतेम हजार रुपये मुद्दलाला जात होते. कर्ज नवं कोरं असतानाच दर इथवर चढला असता तर पन्नास लाखांचं व्याज हप्त्यापेक्षाच जास्त झालं असतं, आणि साडू दर महिन्याला नेमाने हप्ता भरत असताना कर्ज वाढत गेलं असतं. पुढे बँकेलाच या वयाची काळजी वाटली आणि तिने हप्ता वाढवायला सांगितला. साडूंनी ६.७० चा विषय तेव्हापासून बंद केला. माझी बायको अधूनमधून काढते.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मान काढलं की दर बदलताना कर्जदाराला विचारा : हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही. आणि मुदत अशी ताणू नका की मुद्दल घटण्याऐवजी वाढेल. हे विचारलेलं कधी एसेमेसमध्ये येतं, कधी ॲपच्या कोपऱ्यात, आणि आपण ते विजेच्या बिलाच्या निरोपाबरोबर पुसून टाकतो. दर उतरतानाही हेच. २०२५ च्या फेब्रुवारी ते जून या काळात रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला, आमचं कर्ज साडेसातवर. हप्ता कमी करून घ्या असं मला मनापासून वाटत होतं. बायकोने हप्ता होता तोच ठेवायला लावला. त्याने मुदत अडीच वर्षांहून जास्त घटली. बाथरूम एकदम आमचं झालं नाही, पण दृष्टिपथात आलं.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण एक कोटी चार लाख हा आकडा मांडून घाबरवणं फार सोपं आहे. सासऱ्यांनी स्वतः घर बांधलं ते सोसायटीच्या कर्जावर. सुरुवातीला त्यांचा हप्ता पगाराचा मोठा लचका होता. शेवटी शेवटी तेवढ्या पैशांत मंडईतून दोन पिशव्या भाजी येत होती. हप्ता जागच्या जागी राहतो, पगार आणि भाजी वर जातात. महागाई दर वर्षी पाच टक्के धरली तर वीस वर्षांनंतरचे ४३,३९१ म्हणजे आजच्या सोळा हजारांच्या मोलाचे. शिवाय घर घेतलं नसतं तर भाडं भरावं लागलंच असतं. ते दर अकरा महिन्यांनी वाढलं असतं आणि त्यातून चपलांच्या स्टँडएवढीही जागा सुटली नसती. तेव्हा चोपन्न लाख पाण्यात गेले असं मी म्हणणार नाही. वीस वर्षं आधी राहायला मिळण्याची ती किंमत आहे. किंमत ठीक आहे की नाही हे ज्याचं त्याने ठरवावं, पण ठरवायला ती माहीत तर पाहिजे. मिक्सर घेताना आपण चार दुकानं फिरतो. कर्जाच्या दरात अर्धा टक्का इकडे-तिकडे झाला तर पन्नास लाखांवर वीस वर्षांत पावणेचार लाखांहून जास्त फरक पडतो, आणि तिथे आपण पहिल्या बँकेत, एसी चांगला आहे म्हणून, सही करून येतो.

या सगळ्या ज्ञानाचा आमच्या घरावर एक वाईट परिणाम झाला. सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेल्या पैशाची ताकद मोठी असते, हे बायकोने शोधून काढलं. पहिलं वर्ष संपताना एक लाख जादा भरले तर शेवटचे अकरा हप्ते गायब होतात. अकरा हप्ते म्हणजे पावणेपाच लाख. पंधराव्या वर्षाच्या शेवटी तोच एक लाख जेमतेम दीड लाखाचं काम करतो. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून बँकेला दंड घेता येत नाही, २०१२ पासून. त्यामुळे आमच्या घरात आता प्रत्येक वस्तूला दोन किमती असतात. साठ हजारांचा नवा सोफा बघायला गेलो. “तीन लाखांचा आहे,” बायको म्हणाली. दुकानदार गोंधळला. त्याने किमतीची चिठ्ठी पुन्हा वाचून दाखवली. महाबळेश्वरला दोन दिवस जाऊन यायचं म्हटलं तर ते लाखाच्या घरात जातं. मी एकदा हॉटेलात पनीर मागवलं आणि त्याची २०४४ मधली किंमत मला ताटात पनीर पडेपर्यंत ऐकवण्यात आली.

माझं मत असं की दर वर्षी एक हप्ता जादा भरावा आणि पनीर खावं. वर्षाला एकच जादा हप्ता, दिवाळीच्या बोनसमधून, वीस वर्षांचं कर्ज सुमारे पावणेसतरा वर्षांत संपवतो आणि व्याजाचे दहा लाखांहून जास्त वाचवतो. सगळीच शिल्लक बँकेत कोंबून ठेवायची आणि सासूबाईंच्या गुडघ्याच्या ऑपरेशनला क्रेडिट कार्ड घासायचं, यात काही शहाणपण नाही. कार्डाचं व्याज बघितलं तर गृहकर्जवाले साधुसंत वाटायला लागतात. पहिल्या दिवाळीचा जादा हप्ता आम्ही भरला. साडेचार चौरस फूट. चपलांच्या स्टँडशेजारी छत्री ठेवायची सोय झाली.

तुम्ही घर घ्यायच्या विचारात असाल तर तुमचं काम आमच्यापेक्षा सोपं आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक गृहकर्जाबरोबर बँकेने ठळक माहितीचं एक पत्रक द्यायचं आहे. त्यात सगळे आकार धरून पडणारा वार्षिक दर असतो, परतफेडीचा तक्ता असतो, आणि आमच्या वेळी पडदा सरकवून शोधावा लागला तो एकूण व्याजाचा आकडाही असतो. पत्रक मिळाल्यावर विचार करायला कामकाजाचे किमान तीन दिवस मिळतात. तेवढ्यात बँकेला अटी बदलता येत नाहीत. म्हणून टेबलावरच सही करू नका. पत्रक घरी न्या, घरात हिशेब करणारं जे कुणी असेल त्याच्या हातात द्या, आणि एकूण व्याजाची ओळ मोठ्याने वाचायला सांगा. त्या वेळी हातात गरम चहा धरू नका.